भस्म्या : हातमोज्याच्या नोंदी

२१ जून २०२५, शनिवार

पुतण्याने गणपतीच्या नाटिकेसाठी गोष्ट लिहिलीये आणि त्यातलं यंत्र मी बनवायचं हे माझ्या पाठीमागे घरात ठरलंसुद्धा. तो आठवीत आहे. गोष्टीत एका मुलाला हातमोजा सापडतो, त्याचं नाव भस्म्या. नियम असा, की चिमटीत जे धराल त्याचा गुण मोजा उचलतो आणि पुढे ज्या वस्तूला हात लावाल तिला तो चिकटतो. आधी दगड धरला आणि मग उशीला हात लावला की उशी दगड. पाण्यात बोट बुडवून खुर्चीला लावलं की खुर्ची वाहून गेली. मी म्हटलं अरे हा तर परिस, तर म्हणे काका परिस नुसतं सोनंच करतो, बोअर आहे. नाव भस्मासुरावरून घेतलंय, तो ज्याच्या डोक्यावर हात ठेवायचा त्याची राख व्हायची आणि शेवटी मोहिनीने नाचता नाचता त्यालाच स्वतःच्या डोक्यावर हात ठेवायला लावला. नाना (माझे वडील, वय ८२) पेपरातून डोकं वर न काढता बोलले, भस्म्या म्हणजे खाखा सुटायचा रोग, तो तुम्हा काका-पुतण्याला आधीच झालाय.

गणपती २७ ऑगस्टला, नाटिका ३० ला. दहा आठवडे. भरपूर वेळ आहे असं इथे लिहून ठेवतो, नंतर वाचून हसायला.

२४ जून

प्लॅन. मोज्यात ईएसपी३२ (छोटा कंट्रोलर बोर्ड), कारण घरात दोन पडून आहेत आणि त्याच्यात दहा टच पिना आयत्याच येतात, पिनेला जोडलेल्या धातूला बोट लागलं की आकडा खाली येतो, वेगळं सेन्सर घ्यायची गरज नाही. मोज्याच्या पाठीवर १६ एलईडींची पट्टी. आवाज मोज्यातून नाही, स्टेजमागच्या डब्यातून, तिथे दुसरा ईएसपी३२ आणि एमपी३ वाजवणारा छोटा मॉड्यूल. दोघांचं बोलणं ईएसपी-नाऊवर, त्यात बोर्ड एकमेकांशी थेट बोलतात, म्हणजे पेंडॉलमध्ये वायफाय असो नसो.

विसरू नये म्हणून: टचच्या पिनांपैकी ०, २ आणि १२ चालू होताना बोर्डाला स्वतःला लागतात, तिथे काही लटकवलं की बोर्ड रुसतो. ४, २७, ३२, ३३ घ्यायच्या.

२८ जून, शनिवार

महारानी रोड, इंदूरचं इलेक्ट्रॉनिक्स मार्केट. मोटारी मिळाल्या, वायर मिळाली, एलईडी मिळाले. करंट वाहणारा धागा विचारला तर दुकानदार म्हणे भिया धागा चाहिए तो कपड़ा मार्केट जाओ, आणि चार गिऱ्हाईकं हसली. ऑनलाइन मिळतो पण त्या भावात अख्खा मोजा विणून होईल. रात्री दोघं सराफ्यात गेलो, भुट्ट्याचा कीस खाल्ला, आणि तिथे एका बंद दुकानाच्या पाटीवर पुरानी ज़री खरीदते हैं असं लिहिलेलं होतं ते वाचून पुतण्या म्हणाला, काका जरी चांदीची असते ना? चांदीत करंट जातो ना?

मी कीस खाता खाता थांबलो. हे मला सुचायला हवं होतं.

२९ जून

आज घरातल्या सगळ्या साड्यांची मल्टीमीटरने तपासणी झाली आणि त्यावरून जे रामायण झालं ते इथे लिहीत नाही. निकाल असा. वहिनीची महेश्वरी, मागच्या वर्षी घेतलेली, बीप नाही. तिची दुसरी, बीप नाही. आत्ताची स्वस्त जरी म्हणजे प्लास्टिकच्या फिल्मवर धातूचा मुलामा आणि त्यावर लाखेसारखा थर, चमकते पण करंट जात नाही. वहिनी म्हणाली म्हणजे मला फसवलं का, मी म्हटलं नाही हो, किंमत बघा ना, आणि हे बोलायला नको होतं.

मग आईचा लग्नातला शालू. काळा पडलाय काठ. प्रोब टेकवला आणि बीप, इतका मोठा की आईच दचकली. जुनी जरी खरी असायची, रेशमाच्या धाग्यावर चांदीची चपटी तार गुंडाळायची आणि वरून सोन्याचा मुलामा. बोटभर तुकड्याला सहा-सात ओहम, आपल्याला बक्कळ झालं. शालूला हात लावायचा नाही असा हुकूम आहे पण त्याच्या ब्लाउजची एक बाही उसवलेली होती ती मिळाली. पाच बोटांना पुरते.

५ जुलै, शनिवार

पाचही टोकं वहिनीने शिवून दिली (राग गेला). टेबलावर झक्क चालतंय. बोट नसताना आकडा ६० च्या आसपास, बोट लागलं की १५. चारही बोटांचे चार रंग. पुतण्या घरभर वस्तूंना हात लावत फिरला, लॅपटॉपची वायर जिथवर जाते तिथवर.

६ जुलै

पॉवर बँक लावली आणि सगळं मेलं.

८ जुलै, रात्र

दोन रात्री गेल्या. कोड बदलला, बोर्ड बदलला, वायर बदलली, शेवटी नुसता एक पिन आणि एक तार घेऊन बसलो तेव्हा दिसलं की लॅपटॉप चार्जरला लावलेला असला की आकडा ६० चा १५ होतो आणि चार्जर काढला की ६० चा ५२. मग टाळकं ठिकाणावर आलं. टच पिन मोजते ती माणसाच्या अंगाची आणि सर्किटच्या ग्राउंडची जोडणी. चार्जरची तिसरी पिन भिंतीतून जमिनीला गेलेली, मी उभा जमिनीवर, म्हणजे जमिनीमार्फत आम्ही दोघं एकमेकांना ओळखत होतो. पॉवर बँकवर सर्किट अधांतरी. त्यात मोजा हातातच घातलेला, म्हणजे हात आधीपासून सगळ्या टोकांच्या जवळ, वेगळं काय ओळखणार ते. आणि वरून पावसाळी दमट हवा, बेसलाइन दर तासाला वेगळी.

म्हणजे स्पर्श ओळखणारं माझं यंत्र मुळात जमिनीशी बोलत होतं.

९ जुलै

नाना चहा घेत माझा तमाशा बघत होते. म्हणाले, काय ओळखायचंय? मी म्हटलं कुठल्या बोटाची चिमटी झाली ते. म्हणाले, मग अंगठ्याला एक तार दे आणि बोटांना एकेक, टेकली की दिवा. मी सांगायला लागलो की नाना तसं नाही, हे कपॅसिटिव्ह आहे, आणि अर्ध्यात बंद पडलो कारण तसंच आहे. अंगठ्याची जरी ग्राउंडला, चार बोटांच्या जरी चार साध्या पिनांना, पुल-अप (पिनेला एरवी वर धरून ठेवणारा रेझिस्टर) चालू. अंगठा ज्या बोटाला टेकेल ती पिन खाली. ही चार बटणं झाली, बस. कोडच्या नव्वद ओळींच्या अठरा झाल्या. पॉवर बँकवर पहिल्या फटक्यात चाललं.

पुतण्याच्या गोष्टीत तशीही चिमटीच आहे म्हणा. पण वाईट वाटलं थोडं.

१२ जुलै, शनिवार

नानांना मोजा घालून दाखवला. त्यांनी दगड धरला, दिवे करडे झाले, डब्यातून धप्प आवाज आला, उशीला हात लावला, परत धप्प. त्यांनी मोजा काढला, नीट घडी घातली आणि म्हणाले, छान आहे. पण यात स्पर्श कुठाय? उशी तर उशीच लागली हाताला.

मी म्हटलं नाना प्रेक्षकांना काय कळतंय. तर म्हणाले, प्रेक्षकांना नाही, ज्याने घातलाय त्याला तर कळतंय ना.

इथे नानांबद्दल सांगावं लागेल. नाना कापड मिलमध्ये साचेखात्यात, म्हणजे मागांवर होते, मिल बंद पडली तेव्हा मी चार वर्षांचा होतो. अजूनही कुठल्या लग्नात गेले की नवरदेवाच्या काकांच्या सदऱ्याची बाही अंगठ्यात आणि तर्जनीत धरून चोळतात आणि नंबर सांगतात. नंबर म्हणजे सुताचा, पुतण्याला समजावत होते, एका पौंड सुतात ८४० यार्डांच्या जितक्या लडी बसतील तो नंबर, म्हणून नंबर मोठा तसं सूत बारीक. चाळीस आणि साठ नंबर डोळे मिटून वेगळे करतात. आम्ही पूर्वी पैजा लावायचो, आता लावत नाही.

तर या माणसाने विचारलंय की स्पर्श कुठाय.

१९ जुलै

नाटिकेचं काम बाजूला राहिलं, मी दुसऱ्याच नादी लागलोय, माहितीये मला. मोज्याच्या बोटांच्या टोकांना आतून नाण्याएवढ्या व्हायब्रेशन मोटारी बसवल्या, मोबाईलमध्ये असतात त्या. कातडीत खोलवर कांद्यासारख्या पापुद्र्यांच्या गाठी असतात, पॅसिनियन म्हणतात, त्यांना २५० हर्ट्झच्या आसपासची थरथर सगळ्यात चटकन कळते आणि या मोटारी साधारण २०० ला फिरतात, म्हणजे निशाणा बरोबर होता. पहिल्यांदा चालू केल्या तर बोर्डच रिसेट, मोटारींवर डायोड लावायचा राहिला होता (दहा वर्षं सोल्डरिंग करतोय मी). लावला. मग थरथरीचे नमुने केले, दगडाला एकच ठोका, पाण्याला हळूहळू वाढणारं.

नाना: मोबाईल वाजतोय.

२० जुलै

आपल्या जुन्या फ्रिजच्या दारावरून बोटाची पाठ हलकेच फिरवली की झिणझिण, खरखर लागतं ना, मुंग्या आल्यासारखं? बोट थांबवलं की काही नाही, सरकवलं की खरखर. घरोघरी हा अनुभव आहे, आपण अर्थिंग खराब आहे म्हणतो आणि सोडून देतो. मॅलिनक्रॉट नावाच्या अमेरिकन माणसाला दिव्याच्या पितळी होल्डरवर हेच जाणवलं, दिवा चालू असताना पितळ वेगळं लागतं, बंद असताना वेगळं. त्यांनी सोडून दिलं नाही, पाठपुरावा करून १९५३ मध्ये सायन्स या नियतकालिकात छापलं. कोरड्या कातडीचा वरचा थर इन्सुलेटर, आत अंग वाहक, खाली धातू, आणि उलटसुलट होणारं व्होल्टेज बोटाला सेकंदाला शंभरेक वेळा ओढतं-सोडतं, म्हणून गुळगुळीत पत्रा खरबरीत वाटतो. याच युक्तीवर काचेच्या स्क्रीनवर खडबडीतपणा दाखवायचे प्रयोग झालेत.

म्हणजे एकच पत्रा, त्याला न बदलता वेगळा लागतो. भस्म्याच की हा!

पण त्याला शे-दोनशे व्होल्ट लागतात आणि लहान पोरांच्या हातात मी ते देणार नाही, विषय संपला. नानांना फक्त फ्रिज दाखवला. म्हणाले, हे कापड नव्हे, हा करंट आहे, आधी इलेक्ट्रिशियनला बोलाव.

बोलावला. अर्थिंग खरंच सुटलेलं होतं. आता फ्रिज गुळगुळीत.

२७ जुलै, रविवार

बिनविजेचे प्रयोग. सहा स्टीलचे चमचे, तीन कोमट पाण्यातले, तीन गार पाण्यातले, एकाआड एक ठेवून त्यावर हात आडवा. थंड-गरम असं वेगवेगळं नाही लागत, भाजल्यासारखं लागतं म्हणे, १८९६ मध्ये थुनबर्ग नावाच्या स्वीडिश माणसाने शोधलेलं. आमच्याकडे चमचे दोन मिनिटांत सारख्याच तापमानाचे झाले. वहिनीला एकदा लागलं, मला नाही, नानांनी ऊं केलं.

मग हरभरा. पहिली दोन बोटं एकमेकांवर आढी घालून त्यांच्या टोकांमध्ये एक हरभरा फिरवायचा, डोळे मिटून, दोन हरभरे लागतात. अॅरिस्टॉटलने लिहून ठेवलंय, म्हणजे दोन हजार तीनशे वर्षं झाली. पुतण्या वेडा झाला, एकाचे दोन एकाचे दोन करत कॉलनीत सगळ्यांना हरभरे वाटून आला. नाना म्हणाले हे आम्ही शाळेत करायचो, चिंचोक्याने.

३ ऑगस्ट, रविवार

वाचलं होतं की तारेच्या जाळीच्या दोन बाजूंनी दोन्ही तळहात एकमेकांना टेकवून तसेच जोडलेले ठेवून जाळीवर सरकवले की मध्ये मखमल असल्यासारखं वाटतं. बॅडमिंटनच्या रॅकेटवर केलं, थोडंसं काहीतरी. मग मागच्या गॅलरीला कबुतरांसाठी लावलेली षटकोनी जाळी आठवली. खालचे दोन खिळे काढून एक हात पलीकडे घातला.

अरे देवा.

कसं लिहू. तारेची जाळी आहे, गंजलेली, एरवी ओरखडा काढते, आणि मधे काहीतरी आहे. तेलकट नाही, ओलं नाही, पण गुळगुळीत, अंग असलेलं काहीतरी. हात काढला की नाही. मी ते पाच मिनिटं केलं. तळहात एकमेकांवर घासत नाहीत, ते जोडीनेच सरकतात, फक्त तार सरकताना दोन्हीकडे एकदम कळते, आणि डोकं बहुतेक असा हिशोब लावतं की मधला गुळगुळीत भाग कुठल्यातरी वस्तूचा असणार.

नानांना बोलावलं. काय आहे ते सांगितलं नाही. म्हणाले डोळे मिटू का, म्हटलं मिटा. त्यांनी चार-पाच वेळा वर-खाली केलं. थांबले. परत केलं, यावेळी हळू. मी मोबाईल बघतोय असं दाखवत होतो.

मलमल, म्हणाले. ऐंशीच्या खाली नाही नंबर. खळ निघालीये, दोन धुण्यातली.

मग डोळे उघडून जाळीतून स्वतःचेच दोन हात बघत राहिले. कापड कुठाय? मी म्हटलं नाहीये नाना. त्यांनी हात बाहेर काढले, नुसते तळहात एकमेकांवर चोळून पाहिले, मग परत जाळीत घातले. मी आत निघून आलो. अर्ध्या तासाने आईने विचारलं हे गॅलरीत काय करतायत.

१० ऑगस्ट

काल राखी झाली, आज शुद्धीवर आलो. वीस दिवस उरलेत आणि नाटिकेच्या मोज्याचं काम तिथेच आहे. भराभर:

घामाने जरी ओली झाली की चिमटी न करता पण दिवा लागतो. आतला पुल-अप ४५ किलोओहमच्या आसपास, ओल्या कापडाला पिन खाली ओढायला तेवढं पुरतं. बाहेरून १ किलोओहमचे चार रेझिस्टर लावले, आता खरी चिमटीच लागते.

पॉवर बँक मिनिटभराने आपली आपण झोपते, लोड कमी वाटतो तिला. दोन एलईडी सतत मंद चालू ठेवले. जुगाड आहे, चालेल.

मोटारी काढल्या. मोबाईल वाजतो त्याने.

१७ ऑगस्ट, रविवार

पेंडॉलमध्ये तालीम. आवाज वेळेवर येतात. खुर्ची वाहून कशी जाणार यावर कमिटीत अर्धा तास चर्चा, कोणी प्रोजेक्टर म्हणालं, कोणी पडदा. नानांनी खुर्चीच्या पायांना चाकं लावायला आणि विंगेतून मासे पकडायची दोरी ओढायला सांगितलं. मिलच्या झांकीत (विसर्जनाच्या मिरवणुकीतला चित्ररथ) त्यांनी अशी कामं बरीच वर्षं केलीयेत, सायकलची चाकं, वायपरची मोटार, त्यावर हलणारे राक्षस. मिल बंद पडल्या तरी झांक्या निघतात, अनंत चतुर्दशीला रात्रभर. खुर्ची इतकी छान वाहून गेली की हीरोने डायलॉग सोडून टाळ्या वाजवल्या.

२४ ऑगस्ट

पुतण्या म्हणाला काका ती जाळी पण ठेवू ना, स्टेजच्या बाजूला, नाटक झाल्यावर सगळ्यांना भस्म्या मिळेल. मी म्हटलं जाळी कुठून आणायची. दोघांनी गॅलरीकडे बघितलं. आईला गणपती झाल्यावर लगेच लावून देतो असं सांगितलंय. लाकडी चौकट केली, कडा सायकलच्या ट्यूबने मढवल्या म्हणजे कोणाला लागायला नको.

३० ऑगस्ट, शनिवार, रात्री १२ वाजता

नाटिका झाली, चौदा मिनिटं. एकदा धप्पच्या जागी पाणी वाजलं, कोणाला कळलं नाही, सगळ्यांना वाटलं तसंच आहे. खुर्चीला परत टाळ्या.

खरी गर्दी जाळीपाशी. नाना शेजारी खुर्ची टाकून बसले होते आणि प्रत्येकाला विचारत होते, काय आहे सांगा. सॉफ्ट हे उत्तर चालत नव्हतं. सॉफ्ट म्हणजे काय, सॉफ्ट शंभर असतात, नीट सांग. पोरं सांगत होती, लोणी, साबण, कुत्र्याचा कान, पहिलीतली एक मुलगी म्हणाली आजीच्या दंडासारखं, तिला नानांनी पास केलं. चार-पाच जणांना काहीच लागलं नाही, त्यांना नाना परत रांगेत उभे करत होते.

साडेदहाला नानांच्या मिलमधले एक काका आले, काठी टेकत. काठी मला धरायला दिली आणि दोन्ही हात घातले. बराच वेळ. म्हणाले, वायल आहे. नाना म्हणाले, मलमल. वायलला पीळ जास्त असतो, हाताला कळतो, इथे पीळ कुठाय? ते म्हणाले, तुझ्या हाताला आता काय कळतंय. मंडळाने दिवे बंद केले तरी दोघांचं चालूच, मी काठी घेऊन उभा.

७ सप्टेंबर, रविवार

रात्रभर झांक्या बघून सकाळी घरी, झोप नाही. मोजा सोडवून ठेवला, बोर्ड परत डब्यात, जरीची टोकं आईने मागून घेतली. जाळी गॅलरीला परत लावली, आई स्टूलापाशी उभी राहून खिळे मोजत होती. खालच्या कोपऱ्यातले दोन नानांनी ठोकू दिले नाहीत, म्हणाले राहू दे. तेवढ्या फटीतून एक हात पलीकडे जातो. दुपारी एक कबुतरही आत आलं.